जुनं फुटेज वापरायचंय? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

फिल्म आणि टीव्हीसाठी जुनं फुटेज शोधणं आणि त्याचे हक्क मिळवणं हे माझं काम आहे. नवे दिग्दर्शक, संकलक, मास कॉमचे विद्यार्थी यांचे फोन येतात, आणि प्रश्न बहुतेक तेच असतात. म्हणून उत्तरं एकदा सविस्तर लिहून ठेवते आहे. या सगळ्यामागे माझा एक आग्रह आहे, तो आधीच सांगते. जुनी दृश्यं निवेदनाखालची रिकामी जागा भरायला नसतात. कुणीतरी एका दिवशी, काही हेतू मनात धरून, कॅमेरा लावून तिथे उभं होतं. ते कोण होतं, दिवस कुठला होता आणि हेतू काय होता, याचा शोध न घेता ते दृश्य आपल्या फिल्ममध्ये घालू नये.

अर्काइव्ह फुटेज आणि स्टॉक फुटेज एकच ना?

नाही. स्टॉक फुटेज विकण्यासाठीच शूट केलेलं असतं: पावसातला मरीन ड्राइव्ह, लोकल पकडणारी गर्दी, शेतातला सूर्योदय. अर्काइव्ह फुटेज मुळात वेगळ्याच कामासाठी शूट झालेलं असतं. कधी बातमीसाठी, कधी सरकारी प्रचारासाठी, कधी घरच्या लग्नाची आठवण म्हणून. आपण ते नंतर, आपल्या कारणासाठी वापरतो. त्यामुळे त्याचा मूळ संदर्भ समजून घ्यायची जबाबदारी आपल्यावर येते.

शोध कुठून सुरू करू?

तारखेपासून. "साठच्या दशकातलं पुणं हवंय" असं म्हणून कुठल्याही संग्रहात गेलात तर हाती काही लागणार नाही. "१२ जुलै १९६१, पानशेतचा पूर, लकडी पुलाचा परिसर" असं घेऊन गेलात तर समोरचा माणूस निदान रजिस्टर उघडतो. म्हणून आधी वाचनालयात बसा आणि त्या आठवड्याच्या वर्तमानपत्रांच्या फायली चाळा. कुठला मंत्री आला होता, सभा कुठल्या मैदानावर झाली, हे टिपून घ्या. मोठा पाहुणा आला असेल तिथे बहुतेक वेळा कॅमेराही आला होता, आणि सूचीत तो प्रसंग पाहुण्याच्या नावाखाली नोंदलेला असतो. पुराच्या शॉट्सची नोंद "पंतप्रधानांचा दौरा" अशी असू शकते.

मग संस्था. मुंबईत पेडर रोडवरच्या फिल्म्स डिव्हिजनची, म्हणजे माहितीपट काढणाऱ्या सरकारी संस्थेची, स्थापना १९४८ ची. थिएटरात सिनेमा सुरू व्हायच्या आधी सक्तीने दाखवलं जाणारं न्यूजरील, म्हणजे बातम्यांची छोटी फिल्म, आपल्या आईवडिलांना आठवत असेल. ते इंडियन न्यूज रिव्ह्यू फिल्म्स डिव्हिजनचंच. स्वतंत्र भारताची पहिली काही दशकं हवी असतील तर पहिलं दार हेच. पुण्यात लॉ कॉलेज रोडवर राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय, म्हणजे एनएफएआय, १९६४ पासून आहे. तिथे मुख्यतः कथाचित्रपट आहेत, शिवाय पोस्टर्स, गाण्यांची पुस्तकं आणि स्थिरचित्रं. २०२२ मध्ये या दोन्ही संस्था एनएफडीसी या सरकारी चित्रपट विकास महामंडळात विलीन झाल्या. त्यामुळे जुन्या पत्रांवरचे पत्ते आणि पदनामं आता चालत नाहीत, अर्ज करण्याआधी सध्याची पद्धत विचारून घ्या. मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं. त्यानंतरच्या महाराष्ट्रासाठी दूरदर्शनचा संग्रह, आणि प्रसार भारती अर्काइव्ह्जने यूट्यूबवर ठेवलेलं साहित्य पाहा.

सर्वांत शेवटी, आणि पुष्कळदा सर्वांत उपयोगी: माणसं. निवृत्त कॅमेरामन, गावचा फोटो स्टुडिओ, संस्थेचे जुने कार्यवाह. साखर कारखान्याचं उद्घाटन, शाळेचा सुवर्णमहोत्सव, दिंडी, अशा गोष्टी कुणीतरी हौसेने किंवा पैसे देऊन चित्रित करून घेतलेल्या असतात आणि त्या कुठल्याच राष्ट्रीय सूचीत नसतात.

स्वातंत्र्यापूर्वीचं आपलं फुटेज लंडनला का शोधावं लागतं?

कारण ते काढणाऱ्या कंपन्या तिथल्या किंवा अमेरिकेतल्या होत्या. पाथे, मूव्हीटोन, गोमाँ यांचे कॅमेरे इथे फिरायचे आणि निगेटिव्ह बोटीने परत जायचं. महायुद्धाच्या काळात सरकारने इथे इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया आणि इंडियन न्यूज परेड चालवलं, पण १९४६ मध्ये ते बंद झालं. फिल्म्स डिव्हिजन उभं राहिलं १९४८ मध्ये. मधल्या फटीत १५ ऑगस्ट १९४७ येतो. देशाच्या सर्वांत मोठ्या दिवशी सरकारचं स्वतःचं चित्रीकरण पथकच नव्हतं. त्या दिवसाची दृश्यं आपल्याला मिळतात ती परदेशी न्यूजरील कंपन्यांमुळे आणि काही खासगी भारतीय कॅमेरामनांमुळे.

आज यातलं बरंच घरबसल्या पाहता येतं. ब्रिटिश पाथेने २०१४ मध्ये सुमारे ८५,००० फिल्म यूट्यूबवर टाकल्या. ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटने २०१७ मध्ये भारतावरच्या जुन्या फिल्मचा मोठा संच खुला केला. केंब्रिजच्या दक्षिण आशिया अभ्यास केंद्रात इथे राहिलेल्या इंग्रज कुटुंबांच्या घरगुती फिल्म आहेत. फॉक्स मूव्हीटोनचा संग्रह साउथ कॅरोलायना विद्यापीठात आहे. पण हे पाहताना लक्षात ठेवा की कॅमेरा कुणाचा होता. इंग्रज अधिकाऱ्याच्या घरगुती फिल्ममध्ये बंगला, कुत्रा आणि शिकार भरपूर दिसते. त्याच घरात राबणारी माणसं दिसतात ती चौकटीच्या कडेला, अर्धी कापलेली. मी अशा फिल्म पाहताना आधी त्या कडाच पाहते.

हवं ते सापडतच नाही. आणखी किती शोधू?

आधी हे स्वीकारा की काही गोष्टी उरलेल्याच नाहीत. सावेदादा, म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, यांनी १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमधली कुस्ती चित्रित केली आणि १९०१ मध्ये केंब्रिजहून परतलेल्या रँग्लर परांजप्यांचं स्वागत. भारतीय माणसाने काढलेली ही पहिली बातमी-फिल्म मानतात. आज आपल्या हाती तिचं वर्णन आहे, फिल्म नाही. फाळक्यांच्या १९१३ च्या 'राजा हरिश्चंद्र'ची जी रिळं आपण पाहतो ती मूळ फिल्मची की त्यांनीच १९१७ मध्ये पुन्हा काढलेल्या आवृत्तीची, यावर अभ्यासकांत मतभेद आहेत. मुळात ते तुकडे तरी उरले, यात एनएफएआयच्या पी. के. नायर यांच्या चिकाटीचा मोठा वाटा आहे.

नाश होण्याची कारणं साधी आहेत. १९५० च्या सुमारापर्यंतची ३५ मिलिमीटर फिल्म नायट्रेटची असायची, आणि नायट्रेट एकदा पेटलं की पाण्यानेही विझत नाही. जानेवारी २००३ मध्ये पुण्यात एफटीआयआय या फिल्म प्रशिक्षण संस्थेच्या आवारातल्या नायट्रेटच्या साठ्याला आग लागली आणि मूळ रिळांचा मोठा ठेवा गेला. नंतरची अ‍ॅसिटेट फिल्म अशी सहज पेटत नाही, पण दमट हवेत कुजते. टीव्हीचं दुखणं वेगळं. टेप महाग होत्या, म्हणून प्रसारण झालं की त्यांवर पुढचा कार्यक्रम रेकॉर्ड व्हायचा. आपल्या लहानपणीचे कितीतरी मराठी कार्यक्रम असे पुसले गेले. मला याचं फार वाईट वाटतं. ज्यांनी ते पुसले त्यांच्यापुढे उद्याच्या प्रसारणाला टेप आणायची कुठून, हा प्रश्न होता.

तरी दोन-तीन महिने हातात ठेवल्याशिवाय "नाही" म्हणू नका. ए. के. चेट्टियार यांनी गांधीजींचं फुटेज गोळा करायला खंड पालथे घातले आणि १९४० मध्ये फिल्म पूर्ण केली. विठ्ठलभाई झवेरींची गांधीजींवरची १९६८ ची फिल्म ३३ रिळांची, पाच तासांहून मोठी आहे. ती बहुतांशी अशाच गोळा केलेल्या साहित्यातून उभी राहिली.

डब्यावर तारीख आणि ठिकाण लिहिलेलं आहे. तरी तपासायचं?

तरी तपासायचंच. भारतात चित्रित झालेल्या सर्वांत जुन्या उपलब्ध फिल्मपैकी एकीचं नाव आहे 'पॅनोरमा ऑफ कलकत्ता', साल १८९९. नावात कलकत्ता आहे, पण नावेतून जे घाट सरकत जातात ते वाराणसीचे. नाव देणाराने घाट पाहिलेच नव्हते, किंवा इंग्लंडच्या प्रेक्षकाला काय फरक पडतो असं त्याला वाटलं असेल. सव्वाशे वर्षांनंतर तेच नाव वाचून कुणी ती दृश्यं कोलकात्याच्या माहितीपटात घातली तर चूक आपली.

दुसरा प्रकार नाट्यीकरणाचा. पहिल्या महायुद्धावरची १९१६ ची 'द बॅटल ऑफ द सोम' जगभर वापरली जाते. खंदकातून वर चढणारे सैनिक आणि त्यातला एक मागे घसरून पडतो, हे तिचं सर्वांत प्रसिद्ध दृश्य. ते आघाडीवर नव्हे, सरावाच्या जागी मुद्दाम घडवून घेतलेलं आहे. फिल्ममधलं बाकी बरंचसं खरं आहे, आणि म्हणूनच एकेक शॉट वेगळा तपासावा लागतो.

माझा एक अनुभव सांगते. पुण्यातल्या एका कुटुंबाने विश्वासाने माझ्याकडे एक छोटं रीळ दिलं. आजोबांनी काढलेला पानशेतचा पूर, असं घरात तीन पिढ्या सांगितलं जात होतं, आणि डब्यावर आजोबांच्याच अक्षरात "पूर" एवढा एकच शब्द होता. रीळ उलगडून पहिला हातभर भाग दिव्यासमोर धरला. गढूळ पाणी, पुलाची कमान, छत्र्या घेऊन उभे लोक, सगळं होतं. पण कडेची भोकं बारीक होती आणि चौकट मोठी. म्हणजे ते सुपर ८ होतं. सुपर ८ कोडॅकने बाजारात आणलं १९६५ मध्ये. १९६१ चा पूर त्यावर मावणं शक्य नव्हतं. तो मुठेचा नंतरच्या कुठल्यातरी वर्षीचा पूर होता. हे सांगताना मला जड गेलं, आजी गप्प झाल्या. मग म्हणाल्या, "पण काढलंय त्यांनीच ना?" हो, काढलं त्यांनीच होतं. आम्ही ते वापरलं, आणि पडद्यावरच्या पट्टीत लिहिलं: मुठेचा पूर, १९६५ नंतर, घरगुती चित्रण.

तपासायला काय लागतं? फिल्मच्या कडेवरच्या खुणा पाहा. कोडॅक वर्तुळ, चौकोन, त्रिकोण अशा चिन्हांनी फिल्म बनल्याचं वर्ष दाखवत असे. ती चिन्हं वीस वर्षांनी पुन्हा येतात आणि प्रिंट काढताना निगेटिव्हवरून उतरूही शकतात, म्हणून त्यांवर एकट्यावर भिस्त ठेवू नका. चित्रात दुकानांच्या पाट्या, गाड्यांचे नंबर, भिंतीवरची सिनेमाची पोस्टर्स, सावल्यांची दिशा पाहा. न्यूजरील असेल तर कॅमेरामनची डोपशीट मागा. त्यात त्या दिवशी काय काढलं ते त्यानेच लिहिलेलं असतं.

यूट्यूबवर आहे, म्हणजे फुकट ना?

पाहायला फुकट, वापरायला नाही. आणि ज्याने अपलोड केलं तो मालक असेलच असंही नाही.

मग ६० वर्षांनंतर तरी मोकळं होतं ना?

आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार चित्रपटाचा हक्क प्रकाशनानंतरच्या कॅलेंडर वर्षापासून ६० वर्षं टिकतो. म्हणजे १९६० मध्ये प्रदर्शित झालेल्या फिल्मची मोजणी १ जानेवारी १९६१ पासून, आणि मुदत संपली ३१ डिसेंबर २०२० ला. सरकारी फिल्मलाही ६० वर्षांचाच हिशोब आहे. इथे तीन ठिकाणी लोक अडखळतात. एक, फिल्मचा हक्क संपला तरी तिच्यातल्या गीताचा आणि संगीताचा हक्क गीतकार-संगीतकाराच्या मृत्यूनंतर ६० वर्षं चालतो. दोन, दुसऱ्या देशात मुदत वेगळी असते, आणि तुमची फिल्म तिथे दाखवायची असेल तर तिथला कायदा लागतो. तीन, हक्क संपला म्हणून चांगली प्रत फुकट मिळत नाही. स्कॅनिंगचं आणि प्रतीचं शुल्क संग्रह घेणारच, आणि घ्यायलाही हवं, कारण थंड खोलीत रिळं ठेवायला पैसे लागतात.

उलटी गैरसमजूतही आहे. एनएफएआयकडे प्रिंट आहे म्हणजे परवानगी तिथूनच मिळेल, असं अनेकांना वाटतं. बहुसंख्य कथाचित्रपटांचे हक्क निर्मात्याकडे किंवा त्याच्या वारसांकडे असतात, संग्रहालय सांभाळणारं आहे. दोन्हीकडे अर्ज करावा लागतो.

सात सेकंदांपर्यंत चालतं म्हणतात, खरं आहे का?

असा कुठलाही नियम कायद्यात नाही. कलम ५२ मध्ये समीक्षा, चालू घडामोडींचं वार्तांकन, खासगी अभ्यास अशा कारणांसाठी योग्य वापराची मुभा आहे. तुम्ही एखाद्या दृश्याबद्दलच बोलत असाल आणि म्हणून ते दाखवत असाल, तर बाजू बळकट. निवेदनाखाली नुसतं चालवत असाल तर कमकुवत, मग ते तीन सेकंद का असेना. शंका असेल तर वकिलाला कट दाखवा, तोंडी वर्णन करू नका.

पैसे कसे ठरतात? करारात काय पाहू?

दर सेकंदावर किंवा मिनिटावर असतो, आणि बऱ्याच ठिकाणी किमान आकार ठरलेला असतो. एकाच संग्रहातून जास्त घेतलंत तर दर खाली येतो, म्हणून दहा ठिकाणांहून दहा तुकडे घेण्यापेक्षा दोन-तीन ठिकाणी मोठी खरेदी बरी पडते. पण खरा खर्च सेकंदांत नसतो, हक्कांच्या व्याप्तीत असतो: कुठल्या माध्यमासाठी, कुठल्या देशांसाठी, किती वर्षांसाठी.

हे मी ठेच लागून शिकले. सुरुवातीच्या एका माहितीपटासाठी मी एका संग्रहाकडून फक्त टीव्हीचे, पाच वर्षांचे हक्क घेतले, कारण तेवढेच परवडत होते. फिल्म चांगली झाली आणि नंतर ओटीटीसाठी मागणी आली. तोवर दर अनेक पटींनी वाढला होता. शेवटी फिल्ममधला सर्वांत सुंदर दीड मिनिटाचा प्रसंग काढावा लागला. त्या कटची जागा मला आजही पडद्यावर दिसते. तेव्हापासून मी पहिल्याच ईमेलमध्ये दोन भाव मागते: आजच्या गरजेचा, आणि सर्व माध्यमं, सर्व देश, कायमस्वरूपी असा. दुसरा परवडत नसेल तर निदान पुढे कुठल्या दराने हक्क वाढवता येतील ते करारात आत्ताच लिहून घ्या. ट्रेलर आणि सोशल मीडियाचा वापरही त्यातच मागा, तो हमखास विसरला जातो.

एडिटवर वॉटरमार्क असलेली प्रत चालते. टाइमकोड, म्हणजे प्रत्येक चौकटीचा वेळ-क्रमांक, मात्र पहिल्या दिवसापासून जपा आणि प्रत्येक क्लिपच्या फाइलच्या नावात संग्रहाचा मूळ क्रमांक ठेवा. कट लॉक झाल्यावर, म्हणजे संकलन पक्कं झाल्यावर, वापरलेल्या सेकंदांचा तक्ता पाठवायचा असतो. तेव्हा "जुनी_मुंबई_फायनल२" या नावाची फाइल कुठून आली ते कुणालाच आठवत नाही.

क्लिपमध्ये मागे गाणं वाजतंय. चालेल?

गाण्याची वेगळी परवानगी लागते: ध्वनिमुद्रणाची संगीत कंपनीकडून, आणि गीत-संगीताची बहुधा आयपीआरएस या गीतकार-संगीतकारांच्या संस्थेच्या मार्गाने. परवडत नसेल तर आवाज काढा.

जुन्या फिल्ममध्ये माणसं तुरुतुरु का चालतात?

मूकपटाच्या काळात कॅमेरा हाताने फिरवायचे, सेकंदाला साधारण १६ ते १८ चौकटी. तीच फिल्म २४ ने चालवली की चाल दीडपट होते. ते लोक तसे चालत नव्हते. स्कॅन करून घेताना मूळ चौकटी जशाच्या तशा मागा आणि वेग एडिटवर ठरवा. माणसाची चाल आणि पडणारं पाणी पाहिलं की योग्य वेग हाताला लागतो.

दुसरी चूक चौकटीची. जुनं टीव्ही फुटेज ४:३ चं असतं. ते १६:९ मध्ये भरायला वर-खाली कापलं की चित्राचा चौथा हिस्सा जातो, आणि नेमकी डोकी किंवा पाय जातात. ताणलं तर माणसं जाड होतात. दोन्ही बाजूंना काळी पट्टी ठेवा. वाहिनीवाले कुरकुर करतात, तरी ठेवा.

एआयने रंग भरून, चित्र धारदार करून घेऊ का?

धूळ आणि ओरखडे काढा, थरथर कमी करा, माझी हरकत नाही. चेहरे धारदार करायला मात्र मी देत नाही. यंत्र तिथे जे नव्हतं ते काढतं: सभेतल्या बाईला कुणाचे तरी डोळे देतं. ती बाई कुणाची तरी आजी आहे. रंगांचंही तेच. पीटर जॅक्सनच्या २०१८ च्या पहिल्या महायुद्धावरच्या फिल्ममध्ये रंग भरले, पण तिथे लष्करी गणवेशांचे नमुने हाताशी होते. १९३० च्या गिरगावातल्या मोर्च्यातलं लुगडं हिरवं होतं की जांभळं, हे सांगणारं कुणी नाही. भरलेच तर पडद्यावर तसं लिहा, शेवटच्या श्रेयनामावलीत दडवू नका.

त्या सभेचं नाही मिळालं, दुसऱ्या सभेची गर्दी लावली तर कुणाला कळणार?

जो त्या सभेला होता त्याला कळेल. आणि एकदा प्रसारित झालं की पुढचा संशोधक तुमच्याच फिल्मवरून ते फुटेज त्या सभेचं म्हणून घेईल. सामान्य वातावरण दाखवायचं असेल तर निवेदनात तसं म्हणा. नसेल तर वर्तमानपत्राचं कात्रण दाखवा, त्या मैदानावर आज जाऊन शूट करा, तिथे हजर असलेल्या माणसाला बोलू द्या. हेच मूक फुटेजच्या आवाजालाही लागू आहे. न्यूजरीलचा बराच आवाज मुळातच स्टुडिओत चढवलेला असायचा. आपण त्यावर गोळीबाराचा आवाज टाकला तर प्रेक्षक तो पुरावा मानतो.

कॅमेरामनचं नाव द्यावं लागतं का?

करारात संस्थेचं नाव देणं बंधनकारक असतं. कॅमेरामनचं कळलं तर तेही द्या, कुणी मागितलं नाही तरी. ७ डिसेंबर १९५६ ला मुंबईत डॉ. बाबासाहेब आंबेडकरांची अंत्ययात्रा निघाली, तेव्हा नामदेव व्हटकर यांनी पदरमोड करून ती चित्रित केली. माणसांचा तो महासागर आपण दर डिसेंबरला पडद्यावर पाहतो, आणि खाली बहुतेक वेळा फक्त "फाइल फुटेज" एवढंच असतं.

घरात जुनी रिळं, कॅसेट आहेत. काय करू?

टाकू नका आणि घाईने प्रोजेक्टरवर चालवूही नका, आकसलेली फिल्म दातांत अडकून फाटते. डबा उघडून वास घ्या. शिर्क्यासारखा आंबट वास आला तर अ‍ॅसिटेट कुजायला लागलं आहे. तो डबा बाकीच्यांपासून वेगळा ठेवा, कारण तो वास इतरांनाही बिघडवतो, आणि त्याचंच स्कॅनिंग आधी करा. माळ्यावरून काढून घरातल्या सर्वांत थंड, कोरड्या कपाटात ठेवा. व्हीएचएस आणि मिनी डीव्हीची घाई फिल्मपेक्षा जास्त आहे, कारण ती चालवणारी यंत्रंच दुर्मीळ होत चालली आहेत. स्कॅन झाल्यावरही मूळ रीळ जपा. आणि घरातलं सर्वांत वयस्कर माणूस शेजारी बसवून ते एकदा सावकाश पाहा. ते बोलतील तेव्हा फोनवर रेकॉर्डिंग चालू ठेवा: कोण कोण आहे, वाडा कुठला, कॅमेरा कुणी आणला होता. मग डब्यावर ते सगळं पेन्सिलने लिहा.